काकूची दाढीवाली आई

उत्तरेकडच्या बर्फातल्या आमच्या गावात सिनेमा निघणार म्हटलं की पहिला प्रश्न असतो, या वेळी निविआककाकू कशानं मरणार? उपासमारीनं ती मेली आहे, हिमवादळात गोठून मेली आहे, एकदा तिला अस्वलानं खाल्लं आणि एकदा मांत्रिकाच्या शापानं ती बसल्या बसल्या गेली, हातात चहाचा कप धरून. तो कप त्या काळातला नव्हता हे पडद्यावर सगळ्या गावाला दिसलं, फक्त सिनेमा काढणाऱ्याला दिसलं नाही. मरायचं काम काकूला मनापासून आवडतं. पडून राहायचं असतं, अंगावर कॅरिबू हरणाचं उबदार कातडं असतं आणि बाकीचे वाऱ्यात उभे राहून आपल्यासाठी रडत असतात. "एरवी कोण रडतंय मेलं माझ्यासाठी," ती म्हणते आणि डोळे मिटते. मी आवाज पकडायचं काम करते. कानाला हेडफोन, हातात लांब काठी, काठीच्या टोकाला केसाळ माइक. म्हणून मला पक्कं माहीत आहे की आमच्या दोन तरी गाजलेल्या सिनेमांत प्रेत घोरतंय.

ती माझी काकू, म्हणजे माझ्या वारलेल्या काकाची बायको. वय सत्तरीला टेकलेलं, उंची दाराच्या कडीएवढी, आवाज मात्र बंदरापर्यंत जाणारा. या धंद्यातली एकच गोष्ट तिच्या डोक्यात शिरत नाही, ती म्हणजे 'पुन्हा'. एकदा तिनं कॅमेऱ्यासमोर सील सोललं, बोलता बोलता, बघणाऱ्याला कळायच्या आत. सिनेमा काढणारा इक्सिराक म्हणाला, "छान! आता पुन्हा." काकू म्हणाली, "सोललेलं पुन्हा कसं सोलू? तू शिवून दे, मी सोलते." दुसरं सील आणावं लागलं, मग तिसरं. आठवडाभर सगळं गाव सील खात होतं आणि इक्सिराकला दुवा देत होतं.

दक्षिणेकडून कॅमेरे घेऊन येणारे वेगळे. त्यांना आमचं जगणं जसंच्या तसं हवं असतं, म्हणून आल्या आल्या ते आमच्या बर्फावरच्या गाड्या, स्नोमोबाइल, लपवायला सांगतात. त्यातल्या एका बाईनं काकूला बर्फाच्या कडेला उभं केलं आणि क्षितिजाकडे खिन्न नजरेनं बघायला सांगितलं. काकूनं असं काही बघितलं की तो फोटो पोस्टरवर गेला. खाली लिहिलं होतं, हरवत चाललेलं जग. खरं म्हणजे काकू दुकानाचं विमान आलं का ते बघत होती. गावातल्या सिगारेटी संपल्या होत्या.

त्या पोस्टरचा वैताग येऊनच इक्सिराकनं आमचे आम्ही सिनेमे काढायला सुरुवात केली. तो माझ्या वर्गातला. माणूस सोन्यासारखा, पण कॅमेरा हातात आला की त्याला फक्त समोरचं दिसतं, आजूबाजूचं काही दिसत नाही. एकदा चित्रण करता करता मागे मागे जात थेट पाण्यात गेला होता. तरी त्याचे सिनेमे चांगले असतात, कारण त्याला माणसं पटकन सापडतात. शिकारी हवा तर शिकारी, मांत्रिक हवा तर मांत्रिक, आणि गोरा हवा असेल तर उविलुक.

उविलुक चाळिशीचा, ढेरपोट्या, गावातल्या सगळ्या गाड्या दुरुस्त करणारा. देवमाशांच्या शिकारीला आलेल्या कुठल्याशा जहाजावरचा त्याचा एक पणजोबा अजून त्याच्या तोंडावर मुक्काम ठोकून आहे. डोळे फिकट, दाढी तांबूस. खरा गोरा आम्हाला परवडत नाही. आणलाच तर अर्ध्या तासात त्याचं नाक पांढरं पडतं आणि सगळी मंडळी काम सोडून त्यालाच ऊब देत बसतात. त्यामुळे पोलीस उविलुक, व्यापारी उविलुक, पाद्रीही उविलुकच. इंग्रजी त्याला चांगलं येतं, पण कॅमेरा सुरू झाला की पाठ केलेलं सगळं उडतं आणि तोंडाला येतील ते गाडीचे सुटे भाग बाहेर पडतात. पाद्री झाला होता तेव्हा मरणाऱ्याच्या कपाळावर हात ठेवून भरल्या गळ्यानं म्हणाला, "कार्बुरेटर. फॅनबेल्ट. स्पार्कप्लग." मला नंतर त्यावर वाऱ्याचा आवाज चढवावा लागला. आमच्या सिनेमांत गोरा माणूस बोलायला लागला की लगेच वादळ सुटतं, त्याचं कारण एवढंच.

आणि हा उविलुक म्हणजे निविआककाकूची आई.

तो जन्मला शेजारच्या घरात. काकू तेव्हा तिशीची असेल, मदतीला गेली होती. पोर जन्मलं ते रडतच, आणि थांबेना. त्याला आजोबाचं नाव देऊन पाहिलं, बर्फ फुटून बुडालेल्या मामाचं देऊन पाहिलं, काही उपयोग नाही. शेवटी कोपऱ्यातली एक म्हातारी म्हणाली, "उविलुक तर नाही ना ही? काय गं उविलुक, का रडतेस?" पोर गप्प झालं. उविलुक हे काकूच्या वारलेल्या आईचं नाव, बरीच वर्षं कुणाला दिलेलं नव्हतं. काकूच्या हातात चहाची किटली होती. तिनं ती खाली ठेवली, जवळ गेली आणि म्हणाली, "आई, आलीस होय?"

तेव्हापासून ती त्याला आई म्हणते आणि तो तिला पोरी म्हणतो. आमच्यात ज्याचं नाव, तोच तो. यात कुणाला काही वावगं वाटत नाही. सहा वर्षांचा उविलुक दुकानात उभा राहून फर्मान सोडायचा, "पोरी, मला त्या लाल गोळ्या घे." आता आईचा शब्द कसा मोडणार? त्याचे निम्मे दात त्या गोळ्यांनीच खाल्ले. काका गेल्यावर काकूला एकानं मागणी घातली, तेव्हा ती अठरा वर्षांच्या उविलुकला विचारायला गेली. तो गाडीखाली आडवा झाला होता, तिथूनच म्हणाला, "पोरी, त्याला गाडी नीट चालवता येत नाही. नको." लग्न तिथंच मोडलं. पुढच्या वसंतात तो माणूस गाडीसकट तळ्यात गेला. तो वाचला, गाडी गेली. "आईला पोरीचं कळतं," काकू अजून सांगते. शिकारीतला पहिला वाटा उविलुक तिच्या दारात टाकतो, तिच्या सिगारेटी लपवतो, आणि लपवलेल्या स्वतः ओढतो.

एका बाबतीत मात्र काकू त्याच्याशी फार वाईट वागायची. तो विमानानं कुठेही जायला निघाला की ही निरोप द्यायला जायची नाही. दात काढायला गेला, मोटारीच्या प्रशिक्षणाला गेला, बहिणीच्या लग्नाला गेला, प्रत्येक वेळी तेच. परत आला की आठवडाभर अबोला. तो बिचारा मासे घेऊन दारात उभा, आणि ही आतून म्हणणार, "कोण आहे? आम्ही कुणाला ओळखत नाही."

याचं कारण काकूनं मला एकदा सांगितलं होतं, बूट शिवता शिवता. ती सातेक वर्षांची असताना गावासमोर क्षय तपासणारं सरकारी जहाज आलं. सगळ्यांनी जहाजावर जायचं, छातीचा फोटो काढायचा. त्या सकाळी काकूनं दिव्याचं तेल आईच्या नव्या कोटावर सांडलं. कोट हिवाळाभर खपून शिवलेला. आई काही बोलली नाही, तोंड घट्ट मिटून कोट पुसला, तसाच घातला आणि होडीत जाऊन बसली. संध्याकाळी बाकीचे परत आले, हातात जहाजावरची बिस्किटं घेऊन. आई आली नाही. ज्यांच्या छातीत डाग दिसले त्यांना खाली उतरूच दिलं नव्हतं, पण हे सात वर्षांच्या पोरीला कोण समजावून सांगणार? "आई गेली," एवढंच तिला सांगितलं. पुढच्या वर्षीच्या जहाजाबरोबर निरोप आला की दक्षिणेतल्या इस्पितळात ती वारली. कुठं पुरली ते कुणी सांगितलं नाही.

"मी तेल सांडलं म्हणून रागावून गेली," काकू मला म्हणाली. सत्तरीची बाई. क्षय म्हणजे काय हे दुसऱ्यांना नीट समजावून सांगणारी. मला राग आला, आणि वाईटही वाटलं.

"मग विचार की उविलुकला," मी म्हणाले. "तुझी आईच ना ती?"

काकूनं दातांनी दोरा तोडला. "आणि तो हो म्हणाला तर?"

आईनं हो म्हटलं की संपलंच. त्यावर अपील कुठं करणार?

मग गेल्या वर्षी इक्सिराकनं ठरवलं की या वेळी सिनेमा जहाजाच्या वर्षावर. काकूकडे परवानगी मागायला आला, हातात सिगारेटचं पाकीट घेऊन. काकू बराच वेळ ओढत बसली. मग म्हणाली, "काढ. पण आई सुंदर दाखव. आणि मला या वेळी मारायचं नाही." तिला आजीचं काम दिलं. किनाऱ्यावर नातीचा हात धरून उभं राहायचं, एक शब्द बोलायचा नाही. आईच्या कामाला दुकानातली देखणी कॅशियर, नातीच्या कामाला सहा वर्षांची मिकी. आणि डॉक्टर? डॉक्टर गोरा. गोरा म्हणजे उविलुक. यावर चर्चाच झाली नाही. सगळं गाव त्याला रोज त्या नावानं हाक मारतं, काकू दिवसातून दहादा आई म्हणते, आणि एकाच्याही टाळक्यात उजेड पडला नाही. खुद्द उविलुकला चिंता होती ती दवाखान्यातून उसना आणलेला पांढरा कोट पोटावर बसत नाही याची. काकूला वाटलं होतं, इतक्या मोठ्या सिनेमाला या वेळी खरा गोरा आणतील.

जहाज कुठून आणायचं? वर्षाचं सामान घेऊन येतं तेच. पीठ, डायपर, फ्रिज आणि एक नवाकोरा ट्रक उतरवून ते संध्याकाळच्या भरतीला निघणार होतं. कप्तानानं दुपारपुरता एक सपाट तराफा दिला, तोच आमच्या सिनेमातलं जहाज. इक्सिराकनं कॅमेरा असा लावला की डायपरचे डोंगर दिसू नयेत. प्रसंग साधा. तराफा किनाऱ्याला लागतो, फळीवरून बायका एकेक करून उतरतात, हातात बिस्किटं. शेवटी आई येते. डॉक्टर हात आडवा घालतो.

कॅमेरा सुरू झाला. बायका उतरल्या. कॅशियर पुढे आली, खरंच सुंदर दिसत होती. तेवढ्यात मागून पांढरा कोट घातलेला उविलुक पुढे झाला, हात आडवा केला आणि करड्या आवाजात म्हणाला, "गॅस्केट."

मी ओठ चावून हसू दाबलं. काकू हसली नाही. तिनं मिकीचा हात सोडला आणि गोट्यांवरून चालत थेट फळीपाशी गेली.

"आई, हे काय चाललंय तुझं?"

"पोरी, सिनेमा चाललाय. मागे हो, तू त्यात आहेस."

"तू तुलाच अडवतोयस?"

उविलुकचा हात तसाच हवेत राहिला. मी इक्सिराककडे पाहिलं, त्यानं माझ्याकडे पाहिलं. आम्ही दोघं किती मोठे गाढव आहोत हे आम्हाला एकाच वेळी कळलं. काकू वळली, लांबच्या एका डिझेलच्या पिंपावर जाऊन बसली आणि तिनं सिगारेट पेटवली. उविलुकनं कोट काढायला घेतला, तर त्याचं बटण तुटून पाण्यात गेलं.

"मी नाही करणार हे," तो म्हणाला.

"अरे, भरतीला जहाज निघेल!" इक्सिराक ओरडला. "आत्ता गोरा कुठून पैदा करू?"

शाळेत नवा गोरा मास्तर आला होता, तो सिनेमा बघायला उभा होता. मोठ्या उत्साहानं तयार झाला. त्याला दुसरा कोट दिला, फळीवर उभा केला. कॅशियर आली. मास्तर "माफ करा" म्हणून बाजूला झाला आणि तिला वाट दिली. त्याला पुन्हा समजावलं. दुसऱ्या वेळी त्यानं हात पुढे केला खरा, पण तिला उतरताना आधार द्यायला. इक्सिराकनं कपाळावर हात मारून घेतला.

तेवढ्यात माझ्या कानात काकूचा आवाज आला. उविलुकच्या हातातल्या कोटाला आतून चिमुकला माइक टाचलेला होता आणि मी तो बंद करायला विसरले होते. उविलुक पिंपापाशी जाऊन उकिडवा बसला होता. मी हेडफोन काढायला हवे होते. नाही काढले.

"चुकलं माझं, पोरी," तो म्हणत होता.

काकूनं धूर सोडल्याचा आवाज. मग म्हणाली, "त्या दिवशी तू माझ्यावर रागावून गेलास ना?"

"कुठल्या दिवशी?"

"जहाजाच्या."

उविलुकला यातलं काही माहीत नव्हतं. हा गडी चेष्टेत काहीतरी बोलेल, गॅस्केट म्हणेल, आणि म्हातारी तिथंच संपेल असं वाटलं. मला धावत जाऊन त्याचं तोंड दाबावंसं वाटलं. पण कुणाला विचारलं जातंय हे त्याला कळलं असावं.

"नाही गं," तो सावकाश म्हणाला. "मी उतरत होते. मला उतरू दिलं नाही."

"मी तेल सांडलं होतं. तुझ्या कोटावर."

"कसलं तेल?"

"दिव्याचं. नवा कोट होता. पुढचा सगळा भाग खराब झाला होता."

"कोटावर तेल?" तो आठवायला लागला, अगदी मनापासून. "नाही, पोरी. मला आठवतसुद्धा नाही."

तो खोटं बोलत नव्हता. खोटं बोलायला त्याला आधी ठाऊक तर असायला हवं. हे मला कळत होतं आणि काकूलाही कळत असणार, ती काही खुळी नाही. पण जी गोष्ट तिनं साठ वर्षं उराशी धरली, ती तिच्या आईला आठवतसुद्धा नव्हती. मग कानात असा आवाज आला की माझ्या यंत्राचा काटा पार लाल खुणेपलीकडे गेला. काकू हसत होती. पिंपावर टाचा आपटून हसत होती, आणि हसता हसता कधी रडायला लागली ते मला कानांनीही नेमकं पकडता आलं नाही.

"साठ वर्षं!" तिनं उविलुकच्या पोटात गुद्दा मारला. "आधी नाही का सांगायचं, मेल्या!"

"तू विचारलंस कधी?"

"ऊठ. घाल तो कोट."

"बटण गेलं."

काकूच्या कॉलरला सुई नेहमी खोचलेली असते. तिनं स्वतःच्या कोटाचं एक बटण उपटलं आणि त्याला उभा करून तिथल्या तिथं शिवून टाकलं. बटण हाडाचं, डॉक्टरच्या कोटाला मुळीच न शोभणारं. इक्सिराकला ते दिसलं नाही, आणि मी तोंड उघडलं नाही. दोरा तोडून ती म्हणाली, "आता जा आणि नीट अडव तिला. त्या डॉक्टरनं अडवली तशी. लाडीगोडी नको."

"तुला चालेल?"

"मला बघायचंय," काकू म्हणाली. "तेव्हा मी इथं खाली उभी होते. इथून काही दिसलं नव्हतं."

मास्तरला चहा देऊन बाजूला बसवलं. जहाजाचा भोंगा एकदा वाजून गेला होता. बायका पुन्हा तराफ्यावर चढल्या, पुन्हा उतरल्या. कॅशियर शेवटी आली. उविलुकनं हात आडवा केला. तोंडातून एक शब्द निघाला नाही, पण हात हलला नाही. तिनं खाली वाकून पाहायचा प्रयत्न केला, त्यानं तिला मागे सारलं. काकू खालून सगळं बघत होती, मान उंच करून, डोळ्याची पापणी न लववता.

मग तिनं ते केलं जे कागदावर नव्हतं. मिकीपुढे ती गुडघ्यांवर बसली.

"हे बघ," ती म्हणाली, "ती रागावली नाहीये. तिला उतरू देत नाहीयेत, म्हणून येत नाहीये. कळलं?"

मिकीला बोलायचं नव्हतंच, तिला वाक्य दिलेलं नव्हतं. पण ती तराफ्याकडे बघतच राहिली होती. कॅशियर तिला रोज दुकानात गोळ्या द्यायची. "मग तू वर जाऊन का नाही आणलंस तिला?" पोरगी काकूवर ओरडली.

काकूनं तिची टोपी नीट केली, कानांवर ओढून घेतली.

"मी लहान होते गं," ती म्हणाली.